हिराबाई बडोदेकर : रंगभूमीकडून स्वराकडे

आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात मुलगी पेटीपाशी बसून गाते, तेव्हा वाशीम जिल्ह्यातल्या गावोगावचे पालक ते कौतुकाने ऐकतात. शंभर वर्षांपूर्वी असे गाणे ऐकणे हा प्रतिष्ठित कुटुंबांना संकोचाचा विषय वाटे. गाणारी स्त्री म्हणजे अमुकच, असा समाजाचा पक्का ग्रह होता. तो ग्रह ज्यांच्या गळ्याने सैल केला, त्या हिराबाई बडोदेकर यांचे स्मरण या स्मरणिकेत आम्हांस अगत्याचे वाटते.

त्यांचा जन्म २९ मे १९०५ रोजी मिरजेत झाला. मूळ नाव चंपाकली. वडील किराणा घराण्याचे थोर गायक अब्दुल करीम खाँ, आई ताराबाई माने. बडोद्याच्या दरबारी परिसरात जुळलेले हे नाते १९२२ च्या सुमारास तुटले आणि पाच मुलांना घेऊन ताराबाई वेगळ्या झाल्या. मुलांनी आईच्या बाजूची नावे धारण केली. अब्दुल रहमानचा सुरेशबाबू झाला, सकीनाची सरस्वती, चंपाकलीची हिराबाई. धर्म, जात, वडिलांचे वलय हे सारे बाजूला पडल्यावर या भावंडांपाशी उरले ते आईचे धैर्य आणि गळ्यातला सूर. हिराबाईंना पुढची तालीम मिळाली ती अब्दुल वहीद खाँ यांची.

१९२९ साली या कुटुंबाने स्वतःची नाटक मंडळी काढली. बालगंधर्वांसारखे पुरुष स्त्रीभूमिकांत लोकप्रिय होते, त्या काळात येथे स्त्रियांच्या भूमिका स्त्रियाच करीत. ‘सौभद्र’सारख्या संगीत नाटकांतून हिराबाई नायिका म्हणून उभ्या राहिल्या. धाडस मोठे होते, पण बोलपटाचे युग आले आणि नाटक कंपन्यांचे दिवे एकामागून एक मालवले. ही मंडळीही कर्जात बुडाली. हिराबाईंनी चित्रपटांतही कामे केली. ‘सुवर्णमंदिर’ आणि १९३७ चा ‘प्रतिभा’ हे त्यांतले दोन. परंतु पडद्याने त्यांना आपलेसे केले असे म्हणता येत नाही, आणि आम्हांस त्यात खेदाचे कारण दिसत नाही. कर्ज फेडले ते मैफिलींनी.

येथेच त्यांच्या जीवनाचा खरा कस लागला. रंगभूमीवरची नायिका नुसती गायिका म्हणून लोकांपुढे बसली, तीही तिकीट लावलेल्या जाहीर मैफिलीत. हे करणाऱ्या पहिल्या स्त्रियांत त्यांची गणना होते. साधे लुगडे, दोन्ही खांद्यांवरून पदर, हातवारे नाहीत, अदा नाही. स्थिर बैठक आणि सुरांत भिजलेला आलाप. श्रोत्यांना पाहण्यासारखे काही न देता केवळ ऐकण्यासारखे द्यायचे, हा त्यांचा आग्रह होता. प्रतिष्ठित कुटुंबांतल्या स्त्रिया श्रोत्यांत बसू लागल्या, आणि मग त्यांच्या मुली गाणे शिकू लागल्या.

पुण्यामुंबईची मैफल आमच्या वऱ्हाडाला दूरच होती. हिराबाई इकडे आल्या त्या तबकडीतून आणि रेडिओतून. जेमतेम तीन-साडेतीन मिनिटांच्या तबकडीत पटदीपसारखा राग मांडायचा, त्यात पसरटपणा येऊ द्यायचा नाही आणि घाईही दिसू द्यायची नाही, हे कठीण काम त्यांनी साधले. नाट्यपदे आणि भावगीतांच्या त्यांच्या तबकड्या घरोघर पोचल्या. १९४८ मध्ये आकाशवाणीचे नागपूर केंद्र सुरू झाले, तेव्हा अशा गाण्याचे दार विदर्भाला आणखी उघडले. रेडिओपुढे बसलेल्या माणसाला गायिकेचा चेहरा, पेहराव, कूळ काहीच दिसत नसे. कानावर पडे तो निव्वळ स्वर. गाणाऱ्या स्त्रीविषयीचा जुना ग्रह तेथे टिकणे अवघडच होते.

धाकट्या भगिनी सरस्वतीबाई राणे याच वाटेने आणखी पुढे गेल्या. बालपणी संगीत नाटकांत काम केलेल्या सरस्वतीबाईंनी १९४३ च्या ‘रामराज्य’ चित्रपटात शोभना समर्थ यांच्या सीतेला आपला आवाज दिला. पडद्यावर एक, गळ्यात दुसरी, ही रीत तेव्हा नवीच रुळत होती.

हिराबाईंना १९६५ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि १९७० मध्ये पद्मभूषण मिळाले. २० नोव्हेंबर १९८९ रोजी त्यांचे निधन झाले. सुरेशबाबूंकडे आणि त्यांच्याकडे शिकलेल्या प्रभा अत्रे यांनी पुढे आकाशवाणीत काम केले आणि किराणा गायकी नव्या पिढीकडे नेली.