एक तार, अनेक निरोप

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. त्यामुळे थोरांची चरित्रे वाचताना त्यांचे शिक्षण किती झाले, इकडे माझे लक्ष आधी जाते. एमिल बोदो या फ्रेंच संशोधकाचे शिक्षण गावच्या प्राथमिक शाळेपुरतेच झाले होते, हे वाचले आणि मी पुढे वाचतच गेलो.

बोदोचा जन्म ११ सप्टेंबर १८४५ रोजी मान्यो या खेड्यात, शेतकऱ्याच्या घरी झाला. शाळा संपल्यावर तो वडिलांच्या शेतात राबला. १८६९ साली तारखात्यात उमेदवार म्हणून लागला. माणसाचा हात कितीही चपळ असला, तरी तारेच्या वेगापुढे तो सावकाशच. दोन अक्षरांमधल्या वेळात तार रिकामी राही. तो वेळ कामी लावण्यासाठी १८७२ पासून बोदो झटू लागला. खात्याने उत्तेजन दिले, पण पैसा दिला नाही. काम स्वतःच्या फुरसतीत करायचे होते. १८७४ साली त्याने पेटंट घेतले.

त्याची युक्ती मला लगेच समजली, कारण ती आमच्या पाटाच्या पाण्यासारखी आहे. पाट एकच, पण प्रत्येक शेताला ठरलेली पाळी. बोदोच्या यंत्रातील फिरता भाग प्रत्येक ऑपरेटरला क्षणभर तार देई. त्या क्षणात पाच कळांच्या जुळणीतून एक अक्षर जाई. अशा बत्तीस जुळण्या होत. पाळी साधण्यासाठी यंत्र टिकटिक करून इशारा देई. पाळी हुकली की अक्षर गेलेच!

मागच्या आवर्तनात अभ्यास करता करता मला झोप लागली आणि आमची रात्रीची पाळी हुकली. वडील काही बोलले नाहीत. तेच मला अधिक लागले.

१२ नोव्हेंबर १८७७ रोजी पॅरिस-बोर्दो तारेवर बोदोच्या यंत्राची चाचणी झाली. १८७८ च्या पॅरिस प्रदर्शनात त्याला सुवर्णपदक मिळाले. प्रकृतीने त्याला फारशी साथ दिली नाही. २८ मार्च १९०३ रोजी तो वारला. संदेशवहनाचा वेग मोजण्याच्या ‘बॉड’ या एककात त्याचे नाव राहिले आहे. पुढे जीएसएम मोबाईलमध्ये एकाच लहरीवर आठ पाळ्या लावल्या गेल्या, त्याही याच तत्त्वावर.

शाळा लवकर सुटली, तरी बोदोने आपली पाळी साधली. माझी तर आता कुठे आली आहे. यावेळी झोपून चालणार नाही.