लक्ष्मीकांत बेर्डे

लक्ष्मीकांत बेर्डे (जन्म : मुंबई, २६ ऑक्टोबर १९५४, मृत्यू : मुंबई, १६ डिसेंबर २००४) हे मराठी व हिंदी चित्रपट, रंगभूमी आणि दूरचित्रवाणी या माध्यमांतील विनोदी अभिनेते होते. प्रेक्षकांमध्ये ते ‘लक्ष्या’ या नावाने ओळखले जात. अशोक सराफ यांच्यासोबतची त्यांची जोडी १९८० आणि १९९० च्या दशकांतील मराठी विनोदी चित्रपटांची ओळख बनली.

प्रारंभीचे जीवन

बेर्डे यांचे बालपण गिरगाव परिसरात सामान्य आर्थिक स्थितीत गेले. गणेशोत्सवातील कार्यक्रम, शालेय व महाविद्यालयीन नाट्यस्पर्धा यांतून त्यांना अभिनयाची गोडी लागली. पुढे ते मुंबई मराठी साहित्य संघात नोकरी करू लागले. तेथे काम करीत असतानाच त्यांनी नाटकांतून लहान भूमिका केल्या.

रंगभूमी आणि दूरदर्शन

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाल्यावर नाट्यकलावंतांना नवे व्यासपीठ मिळाले. छोट्या विनोदी प्रसंगांची गुंफण असलेला ‘गजरा’ हा विनायक चासकर यांचा कार्यक्रम विशेष लोकप्रिय होता. बेर्डे यांनी ‘गजरा’ तसेच ‘नस्ती आफत’ या मालिकेत काम केले. पुरुषोत्तम बेर्डे यांचे ‘टूरटूर’ हे नाटक त्यांचे पहिले मोठे व्यावसायिक यश ठरले. ‘शांतेचं कार्टं चालू आहे’ आणि ‘बिघडले स्वर्गाचे दार’ ही त्यांची अन्य गाजलेली नाटके होत.

चित्रपट आणि अशोक सराफ यांच्यासोबतची जोडी

‘लेक चालली सासरला’ (१९८४) या चित्रपटातून बेर्डे रुपेरी पडद्यावर आले. महेश कोठारे दिग्दर्शित ‘धूमधडाका’ (१९८५) या चित्रपटाच्या यशानंतर बेर्डे–सराफ जोडीला मोठी मागणी आली. सराफ यांचा विनोद संयत आवाज आणि अचूक विराम यांवर उभा असे, तर बेर्डे यांचा भर वेगवान संवादफेक, बावरलेली मुद्रा आणि चपळ देहबोलीवर असे. सचिन पिळगांवकर दिग्दर्शित ‘अशी ही बनवाबनवी’ (१९८८) मध्ये भाड्याच्या घरासाठी स्त्रीवेश घेणाऱ्या परशुरामची भूमिका बेर्डे यांनी केली. यात सराफ यांच्या धनंजय मानेची पत्नी ‘पार्वती’ म्हणून ते वावरतात.

कोठारे यांच्या ‘दे दणादण’ (१९८७), ‘थरथराट’ (१९८९) आणि ‘झपाटलेला’ (१९९३) या चित्रपटांतही ते प्रमुख भूमिकेत होते. ‘झपाटलेला’ मध्ये तात्या विंचू या गुंडाचा आत्मा बाहुल्यात शिरतो आणि बाहुल्याच्या कृत्यांचा संशय नायकावर येतो. रामदास पाध्ये यांनी घडविलेल्या या बाहुल्यासमोर बेर्डे यांनी भय आणि विनोद एकाच वेळी साधला.

हिंदीत ‘मैंने प्यार किया’ (१९८९), ‘साजन’ (१९९१) आणि ‘हम आपके हैं कौन’ (१९९४) हे त्यांचे उल्लेखनीय चित्रपट होत. तेथे मात्र त्यांच्या वाट्याला बहुधा नायकाचा मित्र किंवा घरातील नोकर अशा दुय्यम भूमिका आल्या.

‘एक होता विदूषक’

जब्बार पटेल दिग्दर्शित ‘एक होता विदूषक’ (१९९२) या चित्रपटात बेर्डे यांनी तमाशातील सोंगाड्या आबूराव साकारला. लोकांना हसविता हसविता प्रसिद्धी व राजकारणाच्या चक्रात सापडलेल्या कलावंताची ही कथा होती. पटकथा व संवाद पु. ल. देशपांडे यांचे होते. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि बेर्डे यांच्या गंभीर अभिनयाची समीक्षकांनी प्रशंसा केली. मात्र ‘लक्ष्या’ची सवय असलेल्या प्रेक्षकांनी चित्रपटाकडे पाठ फिरविली. त्यानंतरही ते प्रामुख्याने विनोदी भूमिकांतच दिसत राहिले आणि त्यांच्या अभिनयाची ही बाजू पडद्यावर फारशी आली नाही.

वैयक्तिक जीवन आणि मृत्यू

त्यांच्या पहिल्या पत्नी, अभिनेत्री रुही बेर्डे, यांचे १९९८ मध्ये निधन झाले. अभिनेत्री प्रिया अरुण या त्यांच्या दुसऱ्या पत्नी होत. त्यांना अभिनय आणि स्वानंदी ही दोन अपत्ये असून मुलाच्या नावावरून त्यांनी ‘अभिनय आर्ट्स’ ही निर्मितीसंस्था काढली. मूत्रपिंडाच्या विकाराने वयाच्या ५० व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

वारसा

बेर्डे यांचे चित्रपट मराठी वाहिन्यांवर वारंवार दाखविले जातात. त्यामुळे त्यांच्या मृत्यूनंतर जन्मलेल्या पिढीलाही त्यांच्या भूमिका परिचित आहेत. ‘एक होता विदूषक’ ही त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाची गंभीर भूमिका मानली जाते.