हिटलरच्या बर्लिनमध्ये सोनं जिंकणारा ज्यू बास्केटबॉलपटू : सॅम बाल्टर

१४ ऑगस्ट १९३६. बर्लिनमध्ये पाऊस कोसळत होता. भारत विरुद्ध जर्मनी ही ऑलिंपिक हॉकीची फायनल मैदान ओलं झालं म्हणून दुसऱ्या दिवसावर ढकलली गेली. १५ ऑगस्टला ध्यानचंदच्या टीमनं जर्मनीचा ८-१ असा धुव्वा उडवला, ही गोष्ट आपल्याकडं सगळ्यांना पाठ आहे.

पण त्याच पावसात, त्याच शहरात दुसरी एक फायनल काही पुढं ढकलली गेली नाही. ती चिखलातच खेळवली गेली. ऑलिंपिकच्या इतिहासातली बास्केटबॉलची पहिली फायनल, अमेरिका विरुद्ध कॅनडा.

आणि हिटलरच्या राजधानीत सोनं जिंकायला आलेल्या या अमेरिकन टीममध्ये एक ज्यू खेळाडू होता. सॅम बाल्टर.

बाल्टरचा जन्म १९०९ सालचा, डेट्रॉईटचा. शिक्षण मात्र लॉस एंजेलिसमध्ये झालं. १९२०च्या दशकाच्या शेवटी तो यूसीएलए या कॉलेजकडून बास्केटबॉल खेळायचा. उंची जेमतेम पाच फूट दहा इंच, म्हणजे आजच्या हिशोबानं या खेळात तो बुटकाच ठरला असता. तरी तो टीमचा कॅप्टन झाला.

आता तुम्ही म्हणाल, कॉलेज संपलं की गडी थेट एनबीएत गेला असेल. पण एनबीएची सुरुवातच १९४६ ची. त्याआधी चांगल्या खेळाडूंना आधार होता तो कंपन्यांच्या टीमचा. आपल्याकडं कसं कबड्डीपटू एअर इंडिया, भारत पेट्रोलियम, रेल्वे नाहीतर पोलिसात लागायचे, अगदी तसंच. पगार नोकरीचा आणि नाव हौशी खेळाडूचं. ऑलिंपिकला तेव्हा फक्त हौशी खेळाडूच चालायचे, त्यामुळं ही सोय सगळ्यांनाच बरी पडायची.

बाल्टर ज्या टीमकडून खेळत होता ती चक्क सिनेमावाल्यांची होती, युनिव्हर्सल पिक्चर्सची. 'फ्रँकेनस्टाईन' काढणारा हाच स्टुडिओ. टीमची जाहिरात करायला फ्रँक लुबिन या धिप्पाड खेळाडूला फ्रँकेनस्टाईनच्या राक्षसाचा वेश घालून उभं केलं जायचं.

या स्टुडिओचा संस्थापक कार्ल लेम्ले हा मूळचा जर्मनीतला ज्यू. त्याच्या 'ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट' या युद्धविरोधी सिनेमाचा खेळ १९३० साली बर्लिनमध्ये नाझींनी उधळून लावला होता. थिएटरमध्ये उंदीर सोडले, घाण वासाचे बॉम्ब फोडले. १९३६ च्या वसंतात लेम्लेच्या हातून स्टुडिओ गेला आणि त्याच सुमारास त्याच्या स्टुडिओची टीम बर्लिनच्या तिकिटासाठी न्यूयॉर्कमध्ये खेळत होती.

तिकडं अमेरिकेत वेगळाच वाद पेटला होता. सप्टेंबर १९३५ मध्ये न्यूरेंबर्ग कायदे आले आणि जर्मनीतल्या ज्यूंचं नागरिकत्वच काढून घेतलं गेलं. अशा देशात खेळायला जायचं का? अमेरिकेच्या हौशी क्रीडा संघटनेत मतदान झालं आणि थोडक्या मतांनी जाण्याच्या बाजूनं कौल लागला. ऑलिंपिक समितीचे प्रमुख एव्हरी ब्रंडेज तर जाण्याच्या बाजूचे.

सगळ्यांनी मात्र हे मान्य केलं नाही. न्यूयॉर्कच्या लाँग आयलंड युनिव्हर्सिटीची टीम त्या हंगामात एकही सामना हरली नव्हती. त्या टीममध्ये बरेच ज्यू खेळाडू होते. त्यांनी निवड चाचणीत उतरायलाच नकार दिला. ती टीम उतरली असती तर युनिव्हर्सलला तिकीट इतक्या सहज मिळालं नसतं.

म्हणजे बाल्टरला जी संधी मिळाली तिच्यात दुसऱ्या ज्यू पोरांनी सोडलेल्या संधीचाही वाटा होता. त्याला हे कळत नव्हतं असं नाही. जावं की नाही यावर तो बराच अडला. नाझींचा ज्यूविरोधी प्रचार तिथं दिसणार नाही असं आश्वासन ब्रंडेज यांच्याकडून मिळालं, तेव्हा तो तयार झाला. आज ते आश्वासन भाबडं वाटतं. ऑलिंपिकपुरते ज्यूविरोधी फलक उतरवण्यात आले, खेळ संपल्यावर छळ होता तसाच सुरू राहिला.

चाचणीच्या फायनलमध्ये युनिव्हर्सलनं कॅन्ससमधल्या एका तेल कंपनीच्या टीमला एका पॉइंटनं हरवलं. युनिव्हर्सलचे सात, तेल कंपनीचे सहा आणि कॉलेजचा एक असे चौदा जण निवडले गेले. प्रवासाच्या खर्चातून मात्र स्टुडिओनं अंग काढून घेतलं.

बर्लिनमध्ये एका सामन्याला सातच खेळाडू चालायचे, म्हणून चौदा जणांचे दोन गट आलटून पालटून खेळवले गेले. पहिला प्रतिस्पर्धी स्पेन, पण यादवी युद्धामुळं तो आलाच नाही. राहिले चार सामने, त्यातले बाल्टरच्या वाट्याला आले दोन.

मधल्या काळात एक घटना घडली. मार्टी ग्लिकमन आणि सॅम स्टोलर हे अमेरिकेचे दोन ज्यू धावपटू ४x१०० मीटर रिलेसाठी तयार होते. शर्यतीच्या आदल्या दिवशी दोघांनाही वगळण्यात आलं. त्यांच्या जागी जेसी ओवेन्स आणि राल्फ मेटकाफ धावले आणि अमेरिकेनं सोनं जिंकलं. हिटलरला खूश ठेवायला हे केलं गेलं, असा संशय ग्लिकमनच्या मनात शेवटपर्यंत राहिला.

आणि मग ती पावसातली फायनल. जर्मनांनी हा घरात खेळायचा खेळ उघड्यावर, मातीच्या टेनिस कोर्टवर ठेवला होता. पाणी साचल्यावर चेंडू उसळेना, ड्रिबल करणं अशक्य झालं. उरलं फक्त पासिंग. मध्यंतराला स्कोअर १५-४, शेवटी १९-८. दुसऱ्या अर्ध्या खेळात दोन्ही टीमचे मिळून आठ पॉइंट. बक्षीस समारंभाला बास्केटबॉलचे जनक जेम्स नाईस्मिथ स्वतः हजर होते.

विजेते म्हणून नोंद चौदाही जणांची झाली. बर्लिनमध्ये अमेरिकेसाठी सोनं जिंकणारा बाल्टर हा एकमेव ज्यू खेळाडू ठरला.

लुबिनचं घराणं मूळचं लिथुआनियाचं. तो पुढं त्या देशाकडून खेळला आणि तिथला बास्केटबॉल त्यानं उभा केला. बाल्टरनं वाट बदलली. १९३८ साली त्याचा रोजचा क्रीडा कार्यक्रम म्युच्युअल रेडिओवरून अमेरिकाभर जाऊ लागला. पुढची कित्येक वर्षं लॉस एंजेलिसच्या लोकांनी त्याला ऐकलं आणि वर्तमानपत्रातून वाचलंही. १९९८ च्या ऑगस्टमध्ये तो गेला.

ज्याला धावूच दिलं नाही तो ग्लिकमनही समालोचकच झाला. न्यूयॉर्कमधला त्याच्या काळातला सगळ्यात ओळखीचा आवाज त्याचाच होता.