नारा सगळ्यांना ठाऊक, नाव कुणाला? – युसुफ मेहेरअली

ऑगस्ट आला की टीव्हीवर, मोबाइलवर १९४२ च्या लढ्याचे माहितीपट दिसू लागतात. जुन्या काळ्या-पांढऱ्या फिल्ममध्ये लोकांची गर्दी असते, तिरंगा असतो, पोलिसांच्या लाठ्या असतात. निवेदक ‘क्विट इंडिया’, म्हणजेच ‘भारत छोडो’चा नारा सांगतो आणि चित्र पुढे सरकते. पण हा नारा सुचवला कुणी? आपल्या बुलढाणा जिल्ह्यातल्या किती घरांत हे माहीत आहे?

तो माणूस म्हणजे मरहूम युसुफ मेहेरअली. जन्म २३ सप्टेंबर १९०३, मुंबई. घर सधन होते, कायद्याचे शिक्षणही झाले. पण चळवळीत पडले म्हणून इंग्रजांच्या राज्यात वकिलीची सनद मिळाली नाही. ३ फेब्रुवारी १९२८ ला सायमन कमिशन मुंबई बंदरात उतरले, तेव्हा साथीदारांसह ते हमालांच्या वेशात बंदरावर गेले, असे सांगतात. लाठ्या खाल्ल्या, पण हटले नाहीत. ‘सायमन गो बॅक’ हा नाराही त्यांचाच.

१९४२ मध्ये ते लाहोरच्या तुरुंगात असतानाच मुंबईच्या महापौरपदासाठी त्यांचे नाव पुढे आले आणि ते निवडून आले. त्यांनी सुचवलेले दोन शब्द गांधीजींनी उचलले. त्याच नावाची पुस्तिका त्यांनी छापली, बिल्ले वाटले. मग पुन्हा अटक. तुरुंगातच हृदयविकाराचा झटका आला. चांगल्या दवाखान्यात हलवायची तयारी सरकारने दाखवली, तेव्हा आजारी असलेल्या दोन साथीदारांनाही न्या, असा त्यांनी आग्रह धरला. सरकारने ते मानले नाही, म्हणून तेही गेले नाहीत.

तब्येत खालावली ती कायमची. २ जुलै १९५० ला त्यांचे निधन झाले. वय अवघे ४६.

माहितीपटात कॅमेऱ्यापुढे जो आला तोच दिसतो. गजाआड असलेल्याचे चित्रण कोण करणार? आमच्या मुलांना कधीकधी विचारले जाते, आझादीच्या लढाईत तुमचे कोण होते? मूल गप्प बसते, कारण उत्तर आम्हीच त्याला दिलेले नसते.

या ९ ऑगस्टला घरात अशी फिल्म लागली आणि तो नारा ऐकू आला, की जरा थांबवूया. मुलांना जवळ बसवून नाव सांगूया: युसुफ मेहेरअली. ते जितके आपले, तितकेच साऱ्या देशाचे.