नामदार नाना शंकरशेट : देऊळ आणि विद्यालय या दोहोंचे दाते

आपल्या ग्रामदैवताच्या मंदिराचा जीर्णोद्धार गावकरी, बारा-पाचाचे मानकरी आणि मुंबईकर मंडळी यांच्या सहकार्याने पूर्ण झाला, ही आपल्या सर्वांच्या भाग्याची गोष्ट होय. या स्मरणिकेत देणगीदारांची नामावली येणारच आहे. तिच्या जोडीला एका थोर दात्याचे चरित्र वाचकांपुढे ठेवावे, या हेतूने हा अल्पसा लेख लिहीत आहे. देवळाचे काम निघाले की, हा पैसा शाळेला दिला असता तर काय वाईट, असा प्रश्न कोणी ना कोणी विचारतोच. प्रश्न चुकीचा नाही. पण देऊळ आणि शाळा या दोघी सवती नव्हेत, हे ज्यांच्या आयुष्याकडे पाहून पटते ते गृहस्थ म्हणजे कै. नामदार जगन्नाथ शंकरशेट ऊर्फ नाना.

नानांचा जन्म १० फेब्रुवारी १८०३ रोजी ठाणे जिल्ह्यातील मुरबाड येथे दैवज्ञ ब्राह्मण कुळात झाला. घराण्याचे मूळ आडनाव मुरकुटे. त्यांचे पूर्वज बाबुलशेट अठराव्या शतकात कोकणातून मुंबईस आले आणि व्यापारात नावारूपास चढले. नानांचे मातृछत्र लहानपणीच हरपले. १८२२ साली वडील शंकरशेट निवर्तले, तेव्हा नाना अवघे एकोणीस वर्षांचे होते. एवढ्या कोवळ्या वयात पेढीचा सगळा भार अंगावर पडला. पण त्यांनी सचोटी सोडली नाही. अरब आणि अफगाण व्यापारी आपली रोकड व जडजवाहीर बँकेपेक्षा नानांच्या घरी ठेवणे पसंत करीत, असे सांगतात. दर्यावर्दी व्यापारात शब्दाला किती किंमत असते, हे आपल्या मालवण किनाऱ्यावरील माणसास वेगळे सांगावयास नको.

त्या काळी मुंबई इलाख्याचे गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन होते. त्यांच्या प्रोत्साहनाने एतद्देशीयांच्या शिक्षणासाठी १८२२ च्या सुमारास जी संस्था निघाली, ती पुढे बॉम्बे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटी म्हणून प्रसिद्धीस आली. नाना तिच्या आरंभीच्या आधारस्तंभांपैकी एक होते. १८२७ साली एल्फिन्स्टनसाहेब निवृत्त झाले, तेव्हा त्यांच्या स्मारकासाठी लोकांनी दोन लाखांहून अधिक रुपये जमविले आणि ते अध्यापकांच्या नेमणुकीसाठी लावले. त्यातूनच एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशन उभी राहिली. आपल्या देवगड तालुक्यातील पोंभुर्ल्याचे सुपुत्र बाळशास्त्री जांभेकर याच सोसायटीच्या कामात वाढले. १८३२ साली त्यांनी 'दर्पण' काढले व पुढे ते एल्फिन्स्टनमध्ये अध्यापक झाले. व्यापाऱ्याने पैसा आणि वजन खर्ची घातले, म्हणून कोकणातल्या हुशार मुलाला विद्येची वाट मिळाली.

१८४० साली सरकारने बोर्ड ऑफ एज्युकेशन नेमले. त्यात तीन एतद्देशीय सभासद होते व नाना त्यांतील एक. येथे एक मोठा वाद झाला. बोर्डाचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचे म्हणणे, वरचे शिक्षण इंग्रजीतूनच द्यावे. नानांनी १८४७ साली त्यांना लेखी विरोध केला. ज्ञान सर्वसामान्य रयतेपर्यंत पोहोचवायचे असेल तर ते मातृभाषेतूनच दिले पाहिजे, अशी त्यांची भूमिका होती. नाना इंग्रजीचे शत्रू नव्हते. इंग्रजी विद्येसाठी त्यांनी स्वतः पैसा ओतला होता. पण मूठभरांच्या इंग्रजीपायी लाखोंची मराठी शाळा उपाशी राहू नये, हा त्यांचा आग्रह होता. अध्यक्ष इंग्रज न्यायाधीश आणि विरोध करणारा एतद्देशीय व्यापारी. अशा वेळी गप्प बसणे सोयीचे असते. नाना गप्प बसले नाहीत.

नाना धर्मनिष्ठ होते. मुंबईतील नाना चौकाजवळचे भवानीशंकराचे मंदिर हे त्यांच्याच घराण्याचे. सोनापूरची स्मशानभूमी शहराबाहेर हलविण्याचा सरकारचा विचार होता, तेव्हा लोकांची बाजू मांडून ती जागेवर राखण्यात नाना पुढे होते. तरीही सतीबंदीच्या कायद्याला त्यांनी पाठिंबा दिला. धर्माच्या नावाने विधवेला चितेवर चढविणे हा धर्म नव्हे, असे त्यांचे मत होते. १८४९ साली स्टुडंट्स सोसायटीच्या तरुणांनी मुलींच्या शाळा काढल्या, तेव्हा नानांनी गिरगावातील आपल्या वाड्याच्या आवारात मुलींच्या शाळेला जागा दिली. मुलगी शिकली तर घर बुडते असे मानणारा तो काळ होता. लोकनिंदेचे भय त्यांनाही होते, पण त्यांनी ते मानले नाही.

त्यांची इतर कामेही थोडी नाहीत. १८४५ साली निघालेल्या ग्रँट मेडिकल कॉलेजास त्यांनी साहाय्य केले. आगगाडी आणण्यासाठी जमशेटजी जीजीभाई यांच्यासमवेत खटपट केली. ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेच्या पहिल्या संचालकांत ते होते. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे अशी देशातील पहिली उतारूगाडी धावली. २६ ऑगस्ट १८५२ रोजी स्थापन झालेल्या बॉम्बे असोसिएशनचे नाना अध्यक्ष होते. लोकांची गाऱ्हाणी पार्लमेंटपुढे नेणारी ही इलाख्यातील पहिली राजकीय संस्था. १८५७ च्या उठावात त्यांच्यावरही संशय घेण्यात आला, पण पुरावा काही सापडला नाही.

त्याच १८५७ साली, १८ जुलै रोजी, मुंबई विद्यापीठाची स्थापना झाली. पहिल्या फेलोंच्या यादीत नानांचे नाव आहे. १८६२ साली ते मुंबईच्या कायदे कौन्सिलात गेले. त्याच वर्षी विद्यापीठाचे पहिले पदवीधर बाहेर पडले. त्यांत न्या. रानड्यांच्या बरोबरीने आपल्या मालवणात १८३७ साली जन्मलेले रामकृष्ण गोपाळ भांडारकर होते. मालवणचा हा मुलगा एल्फिन्स्टनमध्ये शिकला, संस्कृतचा जगन्मान्य पंडित झाला आणि १८९३ साली त्याच विद्यापीठाचा कुलगुरू झाला.

विद्यापीठाला पुढे मोठमोठे दाते लाभले. कावसजी जहांगीर यांच्या देणगीतून पदवीदान सभागृह उभे राहिले, तर प्रेमचंद रायचंद यांच्या देणगीतून ग्रंथालय आणि राजाबाई टॉवर. नानांचे नाव मात्र विद्यापीठात दगडी इमारतीपेक्षा विद्यार्थ्यांच्या तोंडी राहिले. ३१ जुलै १८६५ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्या पश्चात मॅट्रिकला संस्कृतात अव्वल येणाऱ्यास जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती सुरू झाली. १९१२ साली ती चिंतामणराव देशमुखांनी मिळविली, जे पुढे रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर व देशाचे अर्थमंत्री झाले. 'शंकरशेट स्कॉलर' म्हटले की मराठी घरात माणसे आदराने पाहत. प्रस्तुत लेखक एस.एस.सी.पर्यंतच शिकला असल्याने त्या मानाची उंची त्यास चांगली ठाऊक आहे.

मुंबईत एशियाटिक सोसायटीच्या सभागृहात नानांचा संगमरवरी पुतळा आहे. गिरगावच्या रस्त्याला आणि नाना चौकाला त्यांचे नाव आहे. आपल्या चाकरमान्यांपैकी अनेकजण तेथून रोज ये-जा करतात. पुढच्या खेपेस त्या चौकातून जाताना क्षणभर थांबून हात जोडावेत, एवढीच विनंती.

आज कोकणातल्या कित्येक मराठी शाळांचा पट घसरत चालला आहे आणि काही ठिकाणी कुलूपही लागले आहे. देवळाच्या शिखरावर कळस चढला, हे आनंदाचेच. ज्या हातांनी त्यासाठी पावती फाडली, तेच हात गावच्या शाळेच्या छपराकडेही वळावेत. नानांनी एका आवारात शाळा भरविली आणि घराण्याच्या मंदिरातला दिवाही विझू दिला नाही. आपल्या गावातही सायंकाळी घंटेचा नाद आणि सकाळी पाढ्यांचा आवाज एकत्र नांदो, असे श्री ग्रामदेवतेच्या चरणी गाऱ्हाणे घालून हा लेख पुरा करतो.