'श्यामची आई'नंतर अत्रेंनी जोतिबांवर सिनेमा काढला, मुहूर्ताला बाबासाहेब आले होते

आचार्य अत्रे म्हटलं की काय आठवतं? विनोद, 'मोरूची मावशी', संयुक्त महाराष्ट्राच्या सभा आणि 'श्यामची आई'. देशातलं पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालेला सिनेमा.

पण त्याच अत्रेंनी लगेच पुढच्या वर्षी, १९५४ ला काढलेला 'महात्मा फुले' आज फारसा कुणाला आठवत नाही.

प्रल्हाद केशव अत्रे यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ चा, सासवडजवळच्या कोढीतचा. जोतिबांना जाऊन तेव्हा ८ वर्षं झाली होती. फुले घराण्याचं खानवडी गावही याच पुरंदर तालुक्यातलं. गावं जवळ, पण अत्रे ब्राह्मण घरातले आणि जोतिबांचं आयुष्य गेलं भटशाहीशी लढण्यात.

अत्रे मूळचे शिक्षक. पुण्यात कॅम्पातल्या शाळेचे मुख्याध्यापक झाले, लंडनला जाऊन शिक्षणाची पदविका घेऊन आले. 'झेंडूची फुले'मधून कवींची टर उडवली. मग नाटकं, 'ब्रह्मचारी' सिनेमा, 'नवयुग' साप्ताहिक. सगळीकडे हशा आणि टाळ्या.

अशा माणसाने फुल्यांवर सिनेमा काढणं सोपं नव्हतं. गांधीहत्येनंतर महाराष्ट्रात ब्राह्मणांची घरं जाळली गेली, त्याला जेमतेम ६ वर्षं झाली होती. दोन्हीकडून शिव्या बसण्याची शक्यता होती. अत्रेंनी आणखी एखादी 'आई' काढली असती तरी लोक खूश झाले असते.

जानेवारी १९५४ मध्ये मुंबईत मुहूर्त झाला, तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते. बाबासाहेब फुल्यांना गुरू मानायचे. 'शूद्र पूर्वी कोण होते?' हा ग्रंथ त्यांनी जोतिबांनाच अर्पण केलाय. सिनेमाची सुरुवात गाडगेबाबांच्या कीर्तनाने होते. खरेखुरे गाडगेबाबा, नट नव्हे! जोतिबा झाले बाबुराव पेंढारकर (पुढे 'दो आँखें बारह हाथ'मध्ये दिसलेले तुरुंगाचे साहेब), तर सावित्रीबाई झाल्या सुलोचनादीदी.

सिनेमाला मराठीसाठीचं राष्ट्रपती रौप्यपदक मिळालं. सोन्याचं लक्षात राहिलं, चांदीचं मागे पडलं.

१५ नोव्हेंबर १९५६ ला अत्रेंनी 'मराठा' दैनिक सुरू केलं. तीनच आठवड्यांत, ६ डिसेंबरला बाबासाहेब गेले. दुसऱ्या दिवशी दादरला चितेपाशी जमलेल्या लाखोंच्या गर्दीसमोर श्रद्धांजलीचं भाषण करायला अत्रे उभे राहिले.