बाबूराव पेंटर आणि 'सावकारी पाश'

पुराणातील देव आणि इतिहासातील वीर यांनी रुपेरी पडदा व्यापला होता त्या काळात, म्हणजे १९२५ साली, कोल्हापूरच्या एका कलावंताने त्याच पडद्यावर कर्जबाजारी शेतकरी उभा केला. चित्रपट होता 'सावकारी पाश' आणि कलावंत होते बाबूराव पेंटर.

कोल्हापुरातील मेस्त्री या कारागीर घराण्यात १८९० साली बाबूराव जन्मले. नात्यातील आनंदराव पेंटर यांच्यासह त्यांनी नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविले. पुढे दोघांनाही चित्रपटाचा ध्यास लागला. १९१६ साली आनंदराव वारले. तरी खचून न जाता बाबूरावांनी सहकाऱ्यांच्या साहाय्याने कॅमेरा स्वतः घडविला आणि 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभारली. गायिका तानीबाई कागलकर यांनी तिला भांडवल पुरविले. १९२० च्या 'सैरंध्री'त स्त्रियांच्या भूमिका गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी केल्या. पडद्यावर येणाऱ्या स्त्रीकडे समाज तेव्हा तुच्छतेने पाहत असे. समाजाने दूर लोटलेल्यांना जागा देण्याचे काम अशा रीतीने 'सावकारी पाश'च्या आधीच सुरू झाले होते.

ना. ह. आपटे यांच्या कथेवरील 'सावकारी पाश'मध्ये तरुण व्ही. शांताराम शेतकरी झाले. सावकाराच्या कारस्थानाने जमीन गमावलेला हा शेतकरी शहरात जाऊन गिरणी कामगार होतो. कर्ज, जमिनीचा लिलाव, स्थलांतर आणि मजुरी ही साखळी अर्थशास्त्राचे ग्रंथ पानेच्या पाने खर्चून सांगतात. बाबूरावांनी ती शब्दावाचून दाखविली. चित्रपटाला प्रेक्षकांनी मात्र पाठ दाखविली. त्यांची बहुतेक निर्मिती पौराणिक आणि ऐतिहासिकच राहिली, हेही मान्य केले पाहिजे. परंतु १९३६ साली त्यांनी हाच विषय बोलपटात पुन्हा हाताळला, यावरून तो त्यांच्या मनात किती खोल रुतला होता हे कळते.

बाबूराव १९५४ च्या जानेवारीत निवर्तले. त्याच वर्षी ग्रामीण पतपुरवठ्याच्या अखिल भारतीय पाहणीचा अहवाल प्रसिद्ध झाला. शेतकऱ्याच्या शंभर रुपये कर्जापैकी सुमारे सत्तर रुपये सावकारांचे आणि जेमतेम तीन रुपये सहकारी संस्थांचे, असे त्यात आढळले. चित्रपटाने एका घराची कथा सांगितली होती, अहवालाने साऱ्या देशाची सांगितली.

त्यानंतर बँका राष्ट्रीयीकृत झाल्या, सहकारी सोसायट्या गावोगाव पोचल्या, २०१४ साली राज्यात सावकारी नियमनाचा नवा कायदाही आला. तरीही विदर्भातील शेतकऱ्यांच्या आत्महत्यांनी हा प्रश्न जिवंत ठेवला आहे. आमच्या भिवापूरकडचा मिरची उत्पादक असो वा कापूसवाला, त्याला पैसा लागतो पेरणीच्या तोंडावर आणि आजारपणात. त्या घडीला ज्याच्या दारी पैसा मिळतो, त्याच्याच अटी तो मान्य करतो. सावकार केवळ दुष्ट असतो म्हणून पाश आवळला जात नाही. दुसरे दार वेळेवर उघडत नाही, म्हणूनही तो आवळला जातो. कर्जमाफीने जुना पाश सैल होतो, पण पुढच्या पेरणीचा पैसा वेळेवर मिळाला नाही, तर नवा पाश पडण्यास एक हंगाम पुरतो. बाबूरावांचे ऋण मानायचे असेल, तर विचार या दुसऱ्या दाराचा केला पाहिजे.